केसभर खाली

पेण, १२ मार्च २०२५

सौ. रोशनी,

आशीर्वाद द्यायला मी तुझी सासू नाही आणि नमस्कार करायला तू माझी थोरली नाहीस, म्हणून नुसतंच लिहायला घेते. फोन का केला नाही म्हणशील. फोनवर माझा आवाज चढतो, आणि आमच्या कारखान्यात गणपती कमी आणि कान जास्त. विठू टेम्पोवाला रोह्याला मूर्ती टाकायला निघालाच आहे, त्याच्या हाती हे पाकीट देते. उत्तरही त्याच्याच हाती पाठव.

तुझा फोटो पेपरात आला तो पाहिला. पाहिला म्हणजे पाहावाच लागला. दादांचे हात आता थरथरतात, कात्री धरवत नाही, म्हणून फोटो मलाच कापायला लावला. "रोशनीचा कान कापशील, सांभाळून," असं वर दोनदा बजावलं. मग पीठ शिजवून खळ केली तीही मीच, आणि त्यांच्या खाटेच्या वर भिंतीला डकवला तोही मीच. आता रोज सकाळी माझा बाप उठतो तो तुझं तोंड बघून.

'मिठाच्या माणसांची शिल्पकार'. नाव छान दिलंय. तुझे बाबा कान्हूकाका मीठ घेऊन पेणच्या बाजाराला यायचे आणि तुला आमच्या कारखान्यात सोडून जायचे, ते मात्र त्यात कुठे आलं नाही. दादांनी तुला माझ्याच पाटावर बसवलं, एका परातीतली शाडू आपण दोघींनी मळली, तेही नाही. तुझं लग्न होऊन तू रोह्याजवळ, अष्टमी गावाला गेलीस आणि जणू थेट आभाळातून शिल्पकार होऊन उतरलीस.

आणि ते डोळ्यांचं काय गो? पेपरवाला लिहितो, तुझ्या पुतळ्यांना डोळे नसतात कारण ते आपल्या आंधळ्या काळाचं प्रतीक आहे. पेणला शिकलेल्या बाईने बिनडोळ्यांची मूर्ती उभी करायची आणि वर तिला प्रतीक म्हणायचं? आमच्याकडे डोळ्यांची आखणी राहिलेली मूर्ती अर्धवट म्हणून कोपऱ्यात ठेवतात, आणि लोकांना दाखवत नाहीत.

विठूने तुला वडखळच्या नाक्यावर पाहिलं, उसाचा रस पिताना. वडखळपर्यंत येतेस, पेणला यायला पाय मोडतात काय?

दर्शना


अष्टमी, २१ मार्च २०२५

प्रिय दर्शनाताई,

तुझं पत्र आलं. आमचे हरेश म्हणाले, "पेणवरून प्रेम आलंय वाटतं." मी वाचून दाखवलं नाही.

पेपरवाल्याला मी दादांचं नाव सांगितलं होतं, ताई. कारखान्याचंही सांगितलं. त्याने छापलं नाही, त्याला मी काय करू? त्याला खाडी, ऊन, गरिबी एवढंच पाहिजे होतं. मला खाजणातल्या चिखलात उभी करून फोटो काढायचा होता त्याला. मी चपला घालून उभी राहिले, तर म्हणाला चपला काढा.

वडखळला येते ती कामासाठी. माझा भाऊ सखा अजून बाबांचं मिठागर करतो. मी घरी तारेचा सांगाडा वाकवते, त्यावर गोणपाट शिवते आणि ते सखाच्या आगरातल्या शेवटच्या वाफ्यात बुडवून ठेवते. पाणी तिथे इतकं दाट असतं की हात घालून काढला की वाळल्यावर पांढरा होतो. उन्हाने पाणी आटत जातं तसं गोणपाटावर मीठ धरतं, आधी रव्यासारखं आणि मग खड्याखड्याने. मी घडवत काहीच नाही. कधी बाहेर काढायचं तेवढं ठरवते. जरा आधी काढलं तर नुसतं गोणपाट, जरा उशीर झाला तर माणसाचं ढेकूळ. ते टेम्पोत घालून अष्टमीला आणायचं, एका बंद भातगिरणीची शेड मिळाली आहे तिथे ठेवायचं. अंगावर मीठ, केसांत मीठ, वास खाडीचा. असल्या अवतारात तुझ्या दारात कशी येऊ? तुझे रंगवलेले गणपती ओळीने बसलेले असतात.

यंदा मोठं काम केलं आहे. माझी आई, गोदूबाई. तुला आठवते ना? डोक्यावर टोपली आणि तोंडात सतत काहीतरी. एप्रिलअखेर मुंबईला प्रदर्शन आहे, त्याआधी ती इथे शेडमध्येच उभी असेल. दादांना घेऊन ये. पहिल्यांदा त्यांनी बघावं असं माझ्या मनात आहे. तूही बघ, म्हणजे नावं ठेवायला सोपं जाईल.

डोळ्यांचं पेपरात लिहिलंय तेच.

तुझी
रोशनी


पेण, २ एप्रिल २०२५

रोशनी,

दादांना आणणं जमणार नाही. त्यांना चक्कर येते. डॉक्टरांनी गाडीचा प्रवास नको म्हटलं आहे, आणि त्या हायवेची हालत तुला माहीत आहे. तू उगाच त्यांना निरोप पाठवून आशेला लावू नको.

मलाही वेळ नाही. आखणी सुरू झाली आहे. मोठ्या मूर्ती रंगून तयार, मी ब्रश घेऊन बसते ती जेवायलाच उठते. तुला पेपरात यायला वर्षाला एक मिठाची बाई पुरते. माझ्या हाताखालून किती देव जातात ते मी मोजत नाही, पण पनवेलचे, ठाण्याचे व्यापारी येतात आणि म्हणतात, "बाईंच्या डोळ्यांचे द्या." माझं नाव त्यांना ठाऊक नाही. बाईंच्या म्हणजे माझ्या. दहा दिवस लोक त्या डोळ्यांपुढे हात जोडतात, नवस बोलतात, रडतातसुद्धा, आणि मग पाण्यात सोडून घरी जाऊन झोपतात. मूर्तीवर कारखान्याचं नाव नसतं, माझं कुठून असणार?

हे मी तुला लिहायला नको होतं. पण लिहिते आहे तर सगळंच लिहिते. मला तुझा राग येतो. तुझा फोटो आला म्हणून नाही. दादांनी आजवर माझ्या एकाही मूर्तीला बरी म्हटलेलं नाही म्हणून. मी डोळे काढून मूर्ती त्यांच्यापुढे नेते. ते बघतात, खूप वेळ बघतात, आणि म्हणतात, "पुढची घे." सोळाव्या वर्षापासून आता डोक्यात पांढरे केस आले तोवर हेच. रंग चुकला, बुबुळ मोठं झालं, काहीतरी बोलावं ना माणसाने! शिवी घातली असती तरी मी ती पदराला बांधून ठेवली असती. आणि तुझा फोटो पाहून शेजारच्या पुंडलिककाकांना काय म्हणाले ठाऊक आहे? "ही पोर माझ्या हाताखालची हाय." माझ्याबद्दल हे वाक्य त्यांना सुचलं नाही. मी काय, घरचीच.

तुझ्या गोदूबाईला माझा नमस्कार. त्या आमच्याकडे आल्या की मला 'टपोरे डोळे' म्हणायच्या. त्यांच्या डोळ्यांवर शेवटी मोतीबिंदूचा सारा पडला होता, नाही का?

दर्शना


अष्टमी, १० एप्रिल २०२५

प्रिय ताई,

दादांना चक्कर येते हे वाचून जीव कासावीस झाला. विठूला विचारलं. तो म्हणाला, "कोण, म्हातारा? परवा माझ्यासंगं दोन भाकऱ्या नि सुकट हाणली. वर मलाच बोलला, गाडी नीट चालव म्हणून." विठूला काय कळतंय. तो काही डॉक्टर नाही.

तू म्हणतेस म्हणून मी निरोप पाठवलेला नाही. विठूने आपणहून काही सांगितलं तर मी काय त्याचं तोंड शिवू?

मुंबईची माणसं येऊन काम बघून गेली. एक बाई गोदूबाईपुढे बसूनच राहिली. तिला म्हटलं, हात लावू नका, घामाने मीठ सुटतं. तर म्हणाली, किती नाजूक माध्यम निवडलंत तुम्ही. मी कुठे निवडलं? आमच्या घरात दुसरं होतं काय? तुमच्या घरात शाडू होती, तू शाडूत हात घातलास. आमच्याकडे मीठ होतं.

तू लिहितेस की लोक तुझ्या डोळ्यांपुढे रडतात. माझ्या कामापुढे लोक मान तिरकी करून उभे राहतात आणि मग विचारतात, हे किती दिवस टिकेल? पावसाची हवा लागली की माझी माणसं घामाघूम होतात, ताई. गेल्या वर्षीचे दोघे जुलैत विरघळून जमिनीवर पांढरे डाग झाले. मी फडक्याने पुसून घेतले. तुझे देव तरी वाजतगाजत जातात.

दादांची काळजी घे. त्यांना म्हणावं, रोशनी वाट बघते.

तुझी
रोशनी


पेण, २८ एप्रिल २०२५

रोशनी,

करायचं ते केलंस तर तू!

काल सकाळी दादा चहा पिऊन दारात बसले होते. मी आत आखणीला. जेवायला हाक मारली तर खाट रिकामी, काठी नाही, टोपी नाही. आळीत विचारलं, बाजारात माणूस पाठवला. मी तर तलावाच्या पायऱ्यांपर्यंत धावत गेले, नको ते मनात आणून. दिवेलागणीला विठूचा टेम्पो दारात थांबला आणि त्यातून स्वारी उतरली. अंगातल्या कोपरीला मीठ, टोपीला मीठ. आणि हसत होते गो! माझा बाप असा हसताना मी आईच्या पश्चात पाहिलेला नाही.

"कुठं गेलतात?"

"रोह्याला."

"सांगून जायला काय झालं होतं?"

"तू बोललीस रोशनी मुंबयला हाय, शेडला टाळं हाय. विठू बोलला उघडी हाय. मग म्हटलं बघून येवं कोण खरं बोलतंय."

कारखान्यातली सगळी पोरं रंग कालवायचं सोडून बघत होती. होय, मी त्यांना खोटं सांगितलं होतं, आणि तुलाही. चक्कर वगैरे काही नाही. आता तुला सगळं कळलंच असेल, माझ्या तोंडून ऐकायची हौस असेल तर ऐक. मला ते तिकडे जायला नको होते. त्यांनी तुझ्या कामापुढे उभं राहून 'बरं झालंय' म्हणावं आणि ते मी या कानांनी ऐकावं, किंवा दुसऱ्या कुणी येऊन मला सांगावं, हे मला नको होतं.

आता झालंच आहे तर एवढं सांग. काय म्हणाले? मी विचारलं तर म्हणतात, "बघितलं." एवढंच. आणि जेवताना मध्येच माझ्याकडे बघतात आणि पुन्हा भात कालवतात. तुझ्या गोदूबाईला काय म्हणाले ते मला जसंच्या तसं लिही.

दर्शना


अष्टमी, ५ मे २०२५

प्रिय ताई,

रागावू नको. दादा आले, शेडमध्ये बसले, चहा घेतला. हरेशनी त्यांना कुंडलिकेच्या पुलावर फिरवून आणलं. दुपारी गोणपाटाच्या ढिगावरच जरा आडवे झाले. विठू परत निघाला तेव्हा त्याच्याबरोबर गेले.

मुंबईचं प्रदर्शन नीट पार पडलं.

दादा काय म्हणाले ते विचारतेस. विशेष काही नाही. दोन शब्द बोलले ते माझ्यापाशी राहू देत, ताई. तुला सांगण्यासारखे नाहीत. खरंच नाहीत.

तुझी
रोशनी


पेण, १४ मे २०२५

रोशनी,

सांगण्यासारखे नाहीत!

म्हणजे तुला म्हणाले. मी तीस वर्षं ज्याची वाट पाहिली ते तुला एका चहावर मिळालं, आणि वर तू ते झाकून ठेवतेस, मला वाईट वाटेल म्हणून. तुझी दया नको मला. तुझ्यापेक्षा तो पेपरवाला बरा, त्याने निदान माझं नावच घेतलं नाही.

चोर आहेस तू. लहानपणी आमच्या कारखान्यात येऊन बसायचीस तेव्हापासून तुझा डोळा माझ्या पाटावर होता. शाडू आमची, साचे आमचे, शिकवणारा बाप माझा. सगळं घेऊन गेलीस आणि मिठात बुडवून नवं म्हणून विकायला काढलंस. आणि तुझ्या बाहुल्यांना डोळे का नाहीत ते मला पेपरवाल्याने सांगायला नको. तुला कधी जमलेच नाहीत. दादांनी तुला फुटक्या मूर्तीवर काढायला दिले होते, तेव्हा एक डोळा कपाळाला आणि दुसरा गालाला. सगळे हसले होते. मी सगळ्यांत जास्त हसले होते, आणि आजही हसते आहे. आंधळा काळ म्हणे!

पाऊस येऊ दे. तुझी सगळी मोठी माणसं पाणी होऊन जातील. माझे देव पुढच्या वर्षी पुन्हा येतात.

ते शब्द माझ्या बापाचे आहेत. मला परत कर.

दर्शना


अष्टमी, २३ मे २०२५

दर्शनाताई,

पाहिजेत ना? घे.

तुझं खरं आहे. मला डोळे येत नाहीत. पेपरवाल्याने विचारलं तेव्हा लाज वाटली, गप्प बसले, आणि त्याने माझ्या गप्प बसण्याचं प्रतीक केलं. त्या दिवशी तू हसलीस ते मी विसरलेले नाही. तू सोळाची होतीस, मी चौदाची. दादांनी माझ्या हातातला ब्रश काढून तुझ्या हातात दिला आणि मला म्हणाले, "तू सोंडा बघ." लग्न होईपर्यंत मी सोंडाच घासत बसले. पाठीमागे तू डोळे काढायचीस. सगळा कारखाना श्वास धरून तुझ्याकडे बघायचा, आणि मला वाटायचं, हिचा ब्रश एकदा तरी घसरावा. आजही आमच्या गल्लीत गणपती येतो तेव्हा मी आधी डोळे बघते. तुझे असले तर ओळखते, आणि प्रसाद न घेता घरी येते. तुला वाटतं जळायचं काम तुझ्या एकटीकडेच आहे?

आता दादांचं. ते गोदूबाईपुढे आले. चारी बाजूंनी फिरून पाहिलं. तिच्या खांद्याला बोट लावलं आणि चाटलं. म्हणाले, "खारट हाय. गोदूच हाय." हे माझ्या वाट्याचं. एवढंच, पुढे काही नाही. मग विचारलं, "डोलं नाय काढलंस?" मी म्हटलं, "मला येत नाय दादा." ते हसले. तू पाहिलंस ते हसू तेच, घरी जाईपर्यंत टिकलेलं. मग गोणपाटावर बसले आणि माझ्या आईकडे पाठ करून तुझ्याबद्दल बोलायला लागले. मी त्यांच्यासाठी काय काय मांडून ठेवलं होतं, कोणत्या खिडकीतून ऊन येतं ते बघून गोदूबाई हलवली होती. त्यांनी एकदाही वळून पाहिलं नाही.

जसंच्या तसं पाहिजे म्हणालीस. हे त्यांचे शब्द.

"दर्शनाचा डावा डोला खाली बसतो. केसभर. पहिल्या दिवसापास्नं. तिला ठावं नाय. म्या सोताला लय येला इचारलं, सांगावं का? माझं दोनी डोलं सरळ येतात, माझ्या बापाचं यायचं. आमचं गणपती बघतात. हिचा गणपती ऐकतो. कुणी बाय काय तरी सांगते नि तो जरा कान देऊन ऐकतो, तसा. ह्ये शिकवून येत नाय. म्या तिला चांगलं बोललो असतो तर तिनं इचारलं असतं, काय चांगलं? नि सांगितलं असतं तर तिनं सरळ केला असता. लय हुशार हाय ती, लगेच केला असता. म्हून त्वांड बंद ठेवलं. घरात पोरगी रडून झोपायची, तरी ठेवलं. तू बी बोलू नको. तुला गोदूची आण हाय."

मी त्यांना शब्द दिला होता. माझ्या आईपुढे उभी राहून दिला होता. त्या रात्री जेवण गेलं नाही मला. माझ्या आयुष्यातल्या सगळ्यांत मोठ्या कामापुढे बसून तो माणूस तुझ्या डाव्या डोळ्याबद्दल बोलत होता.

मी सांगणार नव्हते. तू चोर म्हणालीस. चोरीचा माल परत केला आहे, मोजून घे.

रोशनी


पेण, १९ जुलै २०२५

रोशनी,

एवढ्या दिवसांत लिहिलं नाही. तुला वाटलं असेल, बाई खूष होऊन आम्हाला विसरली. तसं झालंही. तुझं पत्र वाचलं त्या दिवशी मी मागच्या खोलीत दार लावून रडले, इतक्या आनंदाने की पदर तोंडात धरला. दादांच्या ताटात दोनदा वाढलं. ते म्हणाले, "आज काय हाय?" मी म्हटलं, काही नाही. तुझ्यावरही राग नव्हता. उलट विठूजवळ तुझ्यासाठी पोह्याचे पापड पाठवणार होते.

मग सुकलेल्या मूर्तींवरचे कागद काढून बघितलं. खरं आहे गो. ओळीतल्या प्रत्येकाचा डावा डोळा केसभर खाली. इतकी वर्षं माझ्या नजरेसमोर होता आणि मला दिसला नाही. काय छान दिसतो! सगळे जण जरासे पुढे होऊन माझंच काहीतरी ऐकत बसलेले.

दुसऱ्या दिवशी ब्रश घेतला. उजवा डोळा झाला. डावा काढायला गेले आणि हात थांबला. आता मला ठाऊक आहे ना, कुठे जायचं. म्हणून जरा खाली घेतला, तर तो मुद्दाम घेतलेला दिसला. नाटकी. पुसला. अजून थोडा वर घेतला, तर तो ना इकडचा ना तिकडचा. डोकं शांत व्हावं म्हणून शिळा भात खाल्ला, अंगणात जाऊन आले, पोरांवर ओरडले. मग म्हटलं, विचारच नको करायला. विचार न करता काढायचं ठरवलं की दुसरं काहीच सुचत नाही, हे तुला माहीत आहे का? आखणीसाठी मूर्ती येऊन बसत होत्या आणि मी मधल्या बोटावर रंग वाळवत बसत होते. कारखान्यात कुजबुज झाली की बाईंच्या चष्म्याचा नंबर वाढला.

शेवटी गेल्या आठवड्यात दोरा धरला. नाकाच्या शेंड्यापासून मापून दोन्ही डोळे एका रेषेत काढले. आपण शिकाऊ पोरांना देतो ना तसा दोरा. झटक्यात झाले. सुंदर झाले, खोड काढायला जागा नाही. पोरं म्हणाली, बाई, एक नंबर.

तुला एक विचारायचं होतं. ते सगळं तू रागात लिहून टाकलंस, की हे असं होणार हे समजून लिहिलंस? पण उत्तर पाठवू नको. मी तुझ्या जागी असते तर समजूनच लिहिलं असतं. आपण दोघी एकाच पाटावरच्या. फक्त हेही सांगते की तू ते स्वतःहून दिलं नाहीस. मी तुझ्या हातातून ओरबाडून घेतलं. झाकून ठेवायचं म्हणून तू हात मागे घेतला होतास.

काल ती मूर्ती दादांपुढे नेली. सवयीने नेली. त्यांनी पाहिली. नेहमीसारखा वेळ लावला नाही, लगेच मान वर केली.

"ही कुणी काढली?"

"मीच. दुसरं कोण काढणार?"

त्यांनी मला जवळ बोलावलं. थरथरत्या हाताने माझी हनुवटी धरून माझ्या तोंडाकडे बघत राहिले, मी पोर असताना बघायचे तसे. मग हळूच विचारलं, "रोशनी काय बोलली का तुला?"

रोशने, खरं सांगायला किती सोपं होतं! एक शब्द बोलले असते तर तुझा फोटो भिंतीवरून उतरला असता. इतके दिवस मला तेच तर पाहिजे होतं. शब्द ओठांवर आला होता. पण त्यांचा तो चेहरा बघून मला वाटलं, या माणसाने एवढी वर्षं तोंड शिवून जे राखलं ते आपण दोघींनी मिळून घालवलं, हे त्याला कशाला कळायला हवं? म्हटलं, "नाय दादा. रोशनी कशाला काय बोलेल? चष्मा बदललाय मी. नव्या नंबराचा हाय."

ते पुन्हा मूर्तीकडे वळले. बराच वेळ बघत राहिले. मग ती त्यांनी हळूच माझ्याकडे सारली आणि म्हणाले, "जुना लाव."

तो मी कुठून आणू, रोशने?

दर्शना